हलका गंज

हँगरमधले लोक तिला टोचणी म्हणत. तोंडावर अर्थात मॅडम. पण ती वरच्या ऑफिसातून लोखंडी जिना उतरायला लागली, की तिच्या चपलांच्या आधी तिचं नाव खाली पोचलेलं असे, आणि विमानाखाली चहा पीत उभी असलेली माणसं एकदम पाने-पकडी शोधायला लागत. तिला हे नाव ठाऊक होतं आणि मनातून आवडतही होतं. आपण लोकांना आवडावं असं तिला कधी वाटलंच नव्हतं. आवडत्या माणसाचं कुणी ऐकत नाही, असं तिचं ठाम मत होतं, आणि मतं बदलायला तिच्याकडे वेळ नव्हता.

तिचं काम नियोजनाचं. कंपनीकडे जी जुनी विमानं होती, त्यांतलं कुठलं कधी जमिनीवर बसवायचं, कुठली जागा उघडायची आणि एकदा बघून बंद केलेली जागा पुन्हा किती काळाने उघडायची, हे ती ठरवी. जुन्या विमानाचं खरं वैर गंजाशी. गंज म्हटलं की लोकांना खिळ्यावरचा तांबडा रंग आठवतो. विमानाचा धातू तसा गंजत नाही. त्याच्यावर पांढरी पूड धरते, रंगाखाली बारीक फोड येतात आणि पत्रा आतल्या आत थराथराने फुगतो, भिजून वाळलेल्या पुस्तकासारखा. वरून सगळं ठणठणीत दिसतं. पायाखालची फळी उचलेपर्यंत कुणाला पत्ता नसतो.

आणि हे करतं कोण, असं तिला विचारायची सोय नव्हती, कारण ती सांगत सुटे. प्रवासी करतात. हजारो फूट उंचावर बसून माणसाला कॉफी कशाला लागते? लागली तर ती तोंडात का जात नाही, जमिनीवर का जाते? सांडलेली कॉफी, फळांचा रस, बेसिनचं पाणी, सगळं फटीतून खाली झिरपतं आणि फळ्यांखालच्या आडव्या बीमवर जाऊन मुक्काम करतं. सगळ्यात वाईट जागा टॉयलेटखालची. "विमान वादळाने पडत नसतं," ती एकदा वरच्या साहेबांसमोर म्हणाली होती, "पडलंच तर पुरुषांच्या चुकलेल्या नेमाने पडेल." साहेब स्वतः नुकतेच विमानातून उतरून आले होते. ते हसले नाहीत.

तर गंज सापडला की त्याचे दोन प्रकार. हलका म्हणजे घासला, निघाला, औषध लावलं, रंग दिला, बंद केलं. भारी म्हणजे घासता घासता धातूच मर्यादेपेक्षा पातळ झाला. मग तो भाग बदलायचा. आणि एवढ्यावर भागत नाही. एका विमानात भारी निघाला, याचा अर्थ आपण सगळ्याच विमानांत उशिरा पोचलो, म्हणून बाकीची विमानंही त्या जागी लवकर उघडायची. एका माणसाने 'भारी' म्हटलं की साऱ्या हँगरच्या सुट्ट्यांवर पाणी. उलट हलका निघत राहिला, की नियोजनवाल्यांनी मुदत वाढवायची. ही सगळी इमारत एका गोष्टीवर उभी असते. जो माणूस फळीखाली डोकं घालतो, त्याने बाहेर येऊन खरं सांगायचं.

आता टोचणीची पद्धत अशी, की रोज सकाळी विमानाच्या पंखाखाली सगळ्यांना उभं करायचं. कुठे भारी निघाला असेल तर ते मोठ्याने जाहीर करायचं, आणि मागच्या खेपेला त्या जागेवर ज्याने काम केलं त्याला दोन पावलं पुढे यायला लावायचं. मग तिच्या तोंडाचा पट्टा सुरू होई.

ठोक्या काकांना तिने असंच पुढे बोलावलं होतं. काका पत्र्याच्या कामातले सगळ्यात जुने. रिव्हेट ठोकण्यात हयात गेलेली, म्हणून ठोक्या. त्यांनी एका विमानात स्वतः भारी गंज शोधला आणि स्वतः येऊन सांगितला. पण मागच्या खेपेलाही त्या जागी तेच होते.

"मागच्या वेळी डोळे घरी विसरला होतात का?" तिने विचारलं.

"मॅडम, तेव्हा तिथं काही नव्हतं."

"गंज काय पाहुणा आहे, काल नव्हता आणि आज आला? का हात थकले आता? थकले असतील तर तसं सांगा, बाकीच्यांचा जीव टांगणीला नको."

पंखाखाली उभ्या असलेल्या एवढ्या माणसांत कुणी खोकलंसुद्धा नाही. टोचणीला त्या शांततेत समाधान वाटलं. तिला वाटलं, बरोबर जागी लागलं.

त्यानंतर हँगरमध्ये भारी गंज सापडणं जवळजवळ थांबलं. तिने त्याचा अर्थ लावला, धाक बसला, माणसं डोळ्यांत तेल घालून काम करायला लागली. तिने टॉयलेटखालच्या जागांची मुदत वाढवली. विमानं जमिनीवर कमी आणि हवेत जास्त राहू लागली. साहेबांनी भर सभेत तिच्यासाठी टाळ्या वाजवल्या. ती सहसा हसत नसे, पण त्या दिवशी घरी जाताना जिन्यात एकटीच हसली.

घरी ती आणि तिची मुलगी, दोघीच. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती. मुलगीही त्याच हँगरमध्ये, पत्र्याच्या कामावर. हा आईच्या छातीवरचा धोंडा होता. तिला मुलगी ऑफिसात हवी होती, खुर्चीवर. "माझ्या हँगरमध्ये येऊ नकोस," तिने बजावलं होतं, "आलीस तर तुला कसलीच सूट मिळणार नाही." मुलगी म्हणाली, "सूट कोण मागतंय? तू घरी तरी कधी दिलीस?" आणि आली. हात सोन्याचे होते तिचे. ठोक्या काकांनी तिला हाताशी धरून शिकवलं. आईने एकदाही तोंडाने कौतुक केलं नाही, पण ज्या जागांवर मुलीने काम केलं त्या बंद झाल्या की ती निर्धास्त असे. माझ्या पोरीने हलका म्हटलं ना, मग हलकाच.

कंपनीतलं सगळ्यात जुनं विमान, ज्याला सगळे म्हातारी म्हणत, ते नेहमीच्या तपासणीला आत आलं, आणि त्याच्याबरोबर एक किरकोळ तक्रार आली. मागच्या टॉयलेटचं दार चौकटीला घासतं.

हँगरप्रमुख गुळगुळीत चेहऱ्याचा माणूस होता. त्याचं आणि टोचणीचं कधी पटलं नाही. तिला विमान उघडायचं असे, त्याला ते दाराबाहेर ढकलायचं असे, आणि त्याला राग आला की तो जास्त गोड बोले. सकाळच्या सभेत तो म्हणाला, "बिजागरी बदलतो, विषय संपला."

"मागच्या खेपेला बदललीत ती काय झाली? बिजागऱ्या खाते का ती?" टोचणी म्हणाली. "दार हललेलं नाही. जमीन बसलीय. फळ्या उचला."

"आनंदाने उचलू. पण तुमच्याच नियोजनात ती जागा यंदा नाही ना, मॅडम." तो हसला. "मुदत तुम्हीच वाढवलीत. म्हातारीचं मागचं टॉयलेट हलकं निघालं, म्हणून. आणि ते हलकं कुणी ठरवलं, हे मी सांगायला नको."

सगळ्यांच्या माना एकदम वळल्या. टोचणीची मुलगी मागच्या रांगेत उभी होती. तिने हातमोजा काढला, उलटा केला, परत घातला. वर बघितलं नाही.

टोचणीने मुलीकडे पाहिलं. रागाचे सगळे प्रकार तिला पाठ होते, पण हा राग नव्हता. ती एवढंच म्हणाली, "उद्या सकाळी ठरवते." आजवर तिने कुणाला उद्याचा वायदा केल्याचं हँगरमध्ये कुणाला आठवत नव्हतं, आणि हँगरप्रमुखाला तर ते साखरेच्या गोळीसारखं गोड लागलं.

संध्याकाळी ती घरी आली तेव्हा मुलगी ओट्यापाशी भांडी घासत होती. आधीच स्वच्छ असलेलं पातेलं ती पुन्हा पुन्हा घासत होती.

"आई, ती फळी उघडू नकोस."

"का?"

मुलीने पातेल्यावर पुन्हा घासणी फिरवली.

"का म्हणून विचारतेय मी! तोंड आहे ना? हलका होता की नव्हता?"

"नव्हता."

आई दारातच उभी राहिली. खांद्यावरची पिशवीसुद्धा तिने खाली ठेवली नाही.

"मी घासत गेले," मुलगी म्हणाली. "पांढरं संपेचना. अजून थोडं, अजून थोडं असं करत गेले. मग मोजलं, तर बीम मर्यादेच्या खाली गेलेला. मी रंग दिला आणि हलका म्हणून माझा शिक्का मारला."

"आणि वर फळी बसवलीस. वरून माणसं चालतात त्याच्यावर! लाज नाही वाटली? माझ्या पोटी असलं कार्टं..."

"वाटली. रोज वाटते. म्हातारी उडाली की ती परत उतरेपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसतो."

"मग सांगायचं होतंस!"

"कुणाला? तुला?" मुलीने पातेलं आपटलं. "सगळ्यांसमोर पुढे बोलावून माझी सालं काढली असतीस. ठोक्या काकांनी तुला येऊन सांगितलं, त्याचं काय बक्षीस मिळालं? त्या दिवशी ते डबा न उघडता घरी गेले. जाताना मला म्हणाले, पोरी, एक लक्षात ठेव, आपल्या हँगरमध्ये गंज हलकाच असतो."

"म्हणजे? बाकीचेही?"

"सगळेच, आई. तुला वाटतं एका सकाळीत सगळ्यांचे डोळे सुधारले?"

टोचणी स्टुलावर बसली. आधी तिला राग आला, मुलीचा, काकांचा, त्या गोडबोल्या प्रमुखाचा. मग एकेक विमान डोळ्यांसमोर यायला लागलं. ज्यांच्या मुदती तिने वाढवल्या, ती सगळी. त्यातली काही या क्षणी हवेत होती, आणि लोक टॉयलेटपाशी रांगेत उभे होते, त्या फळ्यांवर.

एक पळवाट होती आणि ती तिला लगेच दिसली, कारण असल्या वाटा काढणं हेच तर तिचं काम. पाणी गळतंय असं काहीतरी निमित्त काढायचं, म्हातारीची फळी गुपचूप उघडायची, बीम बदलायचा. मुलीचा शिक्का वाचला असता. पत्र्याच्या माणसाचा शिक्का गेला की त्याचं कामच गेलं. त्याच्या हातचं काही कुठे चालत नाही. लपवलेला गंज सापडला तर शिक्का कायमचा जप्त, हा नियम टोचणीनेच साहेबांच्या मागे लागून करून घेतला होता. पण गुपचूप केलं तर बाकीची विमानं उघडायला कारण उरत नव्हतं. ती उडतच राहिली असती.

"उद्या उघडणार," ती म्हणाली.

"माझा शिक्का जाईल."

"जाऊ दे."

"एवढं सोपं आहे तुला?"

"सोपं आहे असं कोण म्हणालं?" आई ओरडली. "तू म्हण सोपं! रंग मारून मोकळी झालीस ती तू!"

मुलीने हात पुसले आणि ती आपल्या खोलीत गेली. दोघी जेवल्या नाहीत.

सकाळी पंखाखाली सगळे जमले. टोचणी समोर उभी राहिली. तिने मुलीचं नाव घ्यायचं नाही असं ठरवलं होतं, जरी तिथल्या झाडूवाल्यालाही ते कळलं असतं.

"म्हातारीची मागची फळी उचलायची," ती म्हणाली. "आणि बाकीची सगळी जुनी विमानं जमिनीवर घ्यायची. भारी गंज हलका म्हणून बंद केलाय. एका ठिकाणी नाही, बऱ्याच ठिकाणी. कुठे कुठे, ते मला आत्ता हवंय. म्हणजे जिथे धोका आहे ते विमान आधी घेता येईल. ज्यांनी केलंय त्यांनी पुढे या. कुणाचा शिक्का जाणार नाही. शब्द देते."

"मॅडम, एक मिनिट," हँगरप्रमुख लोण्यासारख्या आवाजात म्हणाला. "शिक्के माझ्या अखत्यारीत आहेत. तुम्ही शब्द कुठून देता? नियम आहे. तुम्हीच आणलात."

टोचणीने त्याच्याकडे पाहिलं. त्याच्या श्रीमुखात भडकवावी असं तिला इतकं तीव्रपणे वाटलं, की तिने हात पाठीमागे बांधले.

कुणी हललं नाही. माणसं आपापल्या बुटांकडे बघत होती. ठोक्या काका पंखाच्या खालच्या बाजूकडे पाहत होते, तिथे जणू काही लिहिलं होतं. मग मागच्या रांगेतून मुलगी निघाली, माणसांना बाजूला सारत आली आणि पुढे उभी राहिली. आईच्या समोर नाही, हँगरप्रमुखाच्या समोर.

"म्हातारीचं मी केलंय," ती म्हणाली. "चला, दाखवते."

बाकी कुणी आलं नाही. टोचणी वाट बघत राहिली. एकदा तर ती चक्क "कृपा करा" म्हणाली, आणि हे शब्द तिच्या तोंडून इतके विचित्र वाटले, की दोघातिघांनी दचकून मान वर केली आणि लगेच परत खाली घातली.

म्हातारीत चढून फळी उचलली. खाली बीम हिरव्या रंगात नवाकोरा दिसत होता. मुलीने वाकून एका जागी अंगठा दाबला. रंगाला तडा गेला आणि आतून राखाडी पापुद्रे सुटून आले, बोटाला चिकटले. तिने घासलेल्या जागी गंज थांबलाच नव्हता. रंगाखाली आणखी आत गेला होता. एका बाजूने बीम चिरलेला होता. दार का घासत होतं, ते आता सगळ्यांना कळलं.

हँगरप्रमुखाने हात पुढे केला. मुलीने खिशातून शिक्का काढून त्याच्या तळहातावर ठेवला. मग ती पायऱ्या उतरून हँगरच्या मोठ्या दारातून बाहेर गेली. आईच्या बाजूने गेली, पण आईकडे तिने पाहिलं नाही. टोचणीला तिच्या मागे धावावंसं वाटलं. ती धावली नाही, कारण पुढचं विमान आत ओढून आणत होते आणि तिने स्वतःच ते मागवलं होतं.

त्या दिवसभरात तिने साहेबांशी फोनवर भांडण केलं, विमानं रोखल्याबद्दल शिव्या खाल्ल्या आणि व्याजासकट परत केल्या. शिक्का परत द्या म्हणून तिने तीन-तीनदा सांगून पाहिलं. साहेब म्हणाले, नियम सगळ्यांना सारखा, हे तुमचंच वाक्य आहे. पुढच्या विमानाच्या फळ्या उचलायला संध्याकाळ झाली.

ती वर चढून मागच्या टॉयलेटपाशी गेली. तिथे ठोक्या काका एकटेच होते, उघड्या फळीच्या भोकात एक पाय सोडून, दुसरा गुडघा बीमवर टेकून बसलेले. तिला बघून त्यांनी टॉर्च बंद केला.

"काका, काय आहे खाली?"

"हलकंच आहे, मॅडम."

त्यांचा गुडघा जिथे टेकला होता, त्याच्या दोन्ही बाजूंना रंग फुगलेला तिला उभ्या जागेवरून दिसत होता. पांढरी पूड त्यांच्या पँटला लागली होती.

"काका, गुडघा काढा."

"पोरीचा शिक्का परत आणा. मग काढतो."

"ते माझ्या हातात नाही हो!" तिचा आवाज फाटला. "सांगून बघितलं. भांडून बघितलं. नाही देत ते."

"खरं बोलली एकटीच, आणि घरी गेली एकटीच," काका म्हणाले. "ती बोलली तेव्हा आम्ही सगळे तिथं उभे होतो. मीही उभा होतो. आता मला सांगा, मॅडम, तिला एकटीला जाऊ देऊन मी कुठल्या तोंडाने खरं सांगू?"

"काका, लोक बसतात हो यात."

"माहितीय."

"मग गुडघा काढा."

"शिक्का?"

"नाही मिळणार," ती म्हणाली.

"मग हलकंच आहे," ठोक्या काका म्हणाले, आणि त्यांनी सगळा भार त्या गुडघ्यावर दिला.

टोचणी त्या अरुंद जागेत खाली बसली आणि दोन्ही हातांनी त्यांचा गुडघा ढकलायला लागली.